मागे घेतली, पण कशी?

हायकोर्टाच्या संभाजीनगर खंडपीठातली याचिका मागे घेतली की गंगाखेडला बातमी पोचते ती ‘हरला’ अशी. भाऊबंद हळहळतात, समोरचा पेढे वाटतो. नेमकं काय झालं ते आदेशाच्या शेवटच्या दोन ओळींत असतं. पण त्या ओळी पक्षकार वाचत नाही आणि वकीलसाहेब उलगडून सांगत नाहीत, ही माझी जुनी तक्रार आहे.

मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंह आठवा. मार्च 2021 मध्ये तेव्हाचे गृहमंत्री अनिल देशमुखांवरच्या आरोपांची सीबीआय चौकशी मागायला ते थेट सुप्रीम कोर्टात गेले. आधी हायकोर्टात का गेला नाहीत, असं कोर्टाने विचारलं. 24 मार्चला त्यांनी हायकोर्टात जाण्याची मुभा घेऊन याचिका मागे घेतली आणि लगेच मुंबई हायकोर्ट गाठलं. 5 एप्रिलला हायकोर्टाने प्राथमिक चौकशी सीबीआयकडे सोपवली. तो आदेश अ‍ॅड. जयश्री पाटील यांच्या तक्रारीवर होता हे खरं, पण गृहमंत्र्यांचा राजीनामा त्याच दिवशी आला.

मुभा न मागता मागे घेतली तर? सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात 1986 साली सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलंय: त्याच कारणासाठी हायकोर्टात दुसरी रिट चालणार नाही. दिवाणी दाव्यासारखे इतर मार्ग मात्र खुले राहतात. एका न्यायमूर्तींपुढे रंग दिसेना की काढून घ्यायची आणि दुसऱ्यांपुढे मांडायची, ही चलाखी रोखायला हे हवंच होतं.

तालुक्याच्या कोर्टात गोष्ट याहून कडक. ‘वादीस सदर दावा पुढे चालविणे नाही’ एवढी पुरसीस, म्हणजे कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन, लिहायची, खाली अंगठा, वर निशाणी क्रमांक; झालं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 23 प्रमाणे नवीन दाव्याची परवानगी मागायची राहिली, तर त्या विषयावर पुन्हा दावा नाही. तडजोडीच्या घाईत हे सर्रास घडतं.

आणि मुभा मिळाली म्हणून मुदत थांबत नाही. उदाहरणार्थ, संपादित जमिनीचा मोबदला कमी पडला तर 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 64 खाली अर्ज करायचा असतो. निवाड्याला हजर असाल तर सहा आठवड्यांत; नसाल तर नोटिशीपासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, आधी संपेल ते. सबळ कारण असेल तर जिल्हाधिकारी पुढच्या एका वर्षापर्यंत अर्ज घेऊ शकतात. इकडे शेतकरी रिट घालून तारखा बघत बसतो, कोर्ट शेवटी ‘पर्यायी उपाय आहे’ म्हणतं, याचिका मुभेसह निघते आणि मुदत केव्हाच उलटलेली असते. चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे गेलेला काळ वगळण्यासाठी मुदत कायद्याचं कलम 14 आहे, पण जिल्हाधिकाऱ्यांपुढे ते लागू पडतं की नाही यावर वेगळा वाद घालावा लागतो.

म्हणून हायकोर्टात गेलेला काळ विचारात घ्यावा, असा उल्लेख त्याच आदेशात मागून घ्यायला हवा. उभ्या उभ्या मागण्यासारखी गोष्ट आहे. नंतर सुचलं तर नवा अर्ज, नवी फी आणि गंगाखेडहून संभाजीनगरची आणखी एक खेप.