आवली उभी करणारी गौरी

चारठाण्यात काय किंवा जिंतूर तालुक्यातल्या कुठल्याही गावात काय, सप्ताहाच्या कीर्तनात तुकोबांच्या बायकोचं, आवलीचं नाव निघालं की मंडपात हशा पिकतो. कजाग, तोंडाळ, विठोबाला शिव्या घालणारी बाई! पुण्याच्या आप्पाजी गुळव्यांची ही लेक दुष्काळानं मोडलेल्या घरात पोरांची पोटं कशी भरत होती, हे सांगायला बुवांना सवड होत नाही. या हशातून आवलीला सोडवलं ते गौरी नावाच्या नटीनं, १९३६ साली, प्रभात फिल्म कंपनीच्या ‘संत तुकाराम’ या चित्रपटात.

आजारी पोराला ओढत, हातात वहाण घेऊन ती देवळात शिरते आणि थेट पांडुरंगावर धावून जाते. त्यात नाटकी हातवारे नाहीत. पोर हातचं जाईल या धास्तीनं पिसाळलेली आई आहे, आणि आपल्या मराठवाड्यातल्या बायाबापड्यांना ती लगेच ओळखू येते. शेवटी तुकोबा वैकुंठाला निघतात, तेव्हाही हिला स्वयंपाकाची पडलेली. तिच्या त्या घाईत मला चेष्टा दिसत नाही. घरात खाणारी तोंडं आहेत, एवढंच तिला पक्कं ठाऊक आहे.

हा चित्रपट मुंबईच्या सेंट्रल सिनेमात वर्षाहून अधिक काळ चालला. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात जगातल्या तीन उत्तम चित्रपटांत त्याची निवड झाली. दिग्दर्शक दामले-फत्तेलाल आणि तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस यांचं कौतुक झालं, ते रास्तच. पण पागनीसांची ती अढळ शांती खरी वाटते, कारण समोर गौरीची आदळआपट तितकीच खरी आहे. ती नसती, तर तुकोबांनी संसारात काय सोसलं आणि काय सोडलं, हे आपल्याला कळलं नसतं.

चरित्र भूमिकांसाठी ओळखल्या जाणाऱ्या ललिता पवारसुद्धा आधी नायिका होत्या. १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या थपडेनं डोळा अधू झाला आणि त्या चरित्र भूमिकांकडे वळल्या. गौरीला मात्र नायिकेची पायरी कधी मिळालीच नाही. ती प्रभातच्या किरकोळ कामांतून वर आली. १९४१च्या ‘संत सखू’त हंसा वाडकर सखू झाल्या आणि गौरी झाली तिची छळणारी सासू, म्हाळसाकाकू. जिची आवली पाहून जीव तुटतो, तिचीच म्हाळसा पाहून संताप येतो. एवढा पल्ला असलेल्या नटीला आपल्या चित्रपटाच्या इतिहासात वाट्याला येतात दोन-चार ओळी.

पुण्यात प्रभातच्याच जागेवर १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट उभी आहे. तिथल्या एका वर्गाला गौरीचं नाव द्यावं, आणि अभिनय शिकणाऱ्या मुलामुलींनी पहिल्याच वर्षी तिची आवली बारकाईनं अभ्यासावी.