दार उघडणारे गाव



दुसऱ्या महायुद्धाचा विषय निघाला की हिटलर आणि चर्चिल यांच्याच गोष्टी निघतात. आज एका खेड्याची गोष्ट सांगावीशी वाटते. फ्रान्सच्या दक्षिणेकडील डोंगरात, जवळजवळ १००० मीटर उंचीवर ल शांबों-स्युर-लिन्यों नावाचे गाव आहे. थोडी शेती, गुरे, हिवाळ्यात बर्फ, उन्हाळ्यात हवापालटाला येणारी शहरातली माणसे, एवढाच त्याचा पसारा.

१९४० साली फ्रान्स हरला. व्हिशी सरकारने ज्यूंविरुद्ध कायदे केले आणि पुढे त्यांना धरून जर्मनांच्या हवाली करू लागले. पहिल्याच हिवाळ्यात एक जर्मन ज्यू बाई प्रॉटेस्टंट पाळक आंद्रे त्रोक्मे यांच्या दारी आली. पाळकांच्या पत्नी माग्दाबाईंनी तिला आत घेतले. मग लोक येतच राहिले. शेतकऱ्यांची घरे, खानावळी, वसतिगृहे भरली. खोटी ओळखपत्रे झाली, काहींना स्वित्झर्लंडच्या सीमेपार पोचवले. ऑगस्ट १९४२ मध्ये पोलीस बसगाड्या घेऊन आले, नावे मागू लागले. पाळकांनी नावे दिली नाहीत. बसगाड्या जवळजवळ रिकाम्याच परतल्या.

किंमतही मोजावी लागली. १९४३ च्या फेब्रुवारीत त्रोक्मे, त्यांचे सहकारी पाळक तेस आणि सरकारी शाळेचे मुख्याध्यापक दार्सिसाक यांना अटक झाली. पाळकांचे नातलग दानिएल त्रोक्मे विद्यार्थ्यांचे वसतिगृह सांभाळत होते. जूनमध्ये त्यांना विद्यार्थ्यांसह पकडले. १९४४ साली मायदानेकच्या छावणीत ते वारले. मी जन्मभर मास्तरकी केली, म्हणून ही दोन शिक्षकी नावे मला अधिक जवळची वाटतात.

या लोकांना हे बळ आले कुठून? ते ह्यूगनॉट. १६८५ साली चौदाव्या लुईने त्यांच्या उपासनेवर बंदी घातली. त्यांच्या पूर्वजांनी रानावनात लपून प्रार्थना केली, तुरुंग भोगले. तो राजा कॅथलिक होता, हे आपण कॅथलिकांनी मोकळेपणाने म्हटले पाहिजे. त्याच १९४२ च्या ऑगस्टमध्ये तुलूझचे आर्चबिशप सालिएज यांनी ज्यू हीसुद्धा आपल्यासारखीच माणसे आहेत असे पत्र चर्चमधून वाचायला लावले, हेही तितकेच खरे.

किती जीव वाचले यावर इतिहासकारांचे एकमत नाही. हजारोंना आसरा मिळाला एवढे सगळे मानतात. १९९० मध्ये इस्रायलच्या याद वाशेम संस्थेने या गावाचा आणि आसपासच्या वस्त्यांचा गौरव केला.

आपणही संख्येने थोडे. आपल्यावर झालेला अन्याय आपल्याला चांगला लक्षात राहतो, आणि तो राहावाही. पण त्या आठवणीचे करायचे काय? कुढत बसायचे, की दुसऱ्यावर तशी वेळ आली की त्याला ओळखायचे? शांबोंच्या लोकांनी येणाऱ्याचा धर्म विचारला नाही. रविवारच्या धर्मशिक्षणाच्या वर्गात ही गोष्ट मुलांना जरूर सांगावी. मोठ्यांनीही मागच्या बाकावर बसून ऐकली तर बरेच.