पडद्यावरचा भला तुर्क

२०१९ साली ‘क्लिफ्स ऑफ फ्रीडम’ हा इंग्रजी चित्रपट आला. विषय ग्रीसचे, म्हणजे आमच्या उर्दू पुस्तकांतल्या यूनानचे, १८२१चे स्वातंत्र्ययुद्ध. पटकथाकारांनी एक ग्रीक खेडूत मुलगी घेतली आणि तिच्या प्रेमात पडलेला एक तुर्की लष्करी अधिकारी घेतला. अधिकारी मनाने चांगला, कर्तव्य आणि सदसद्विवेक यांच्यात सापडलेला. हा गृहस्थ आपल्या चांगल्या ओळखीचा आहे. हिंदी सिनेमात तो रहीमचाचा होऊन किती वेळा मेला, याची मोजदाद कोणी ठेवलेली नाही.

माझा आक्षेप प्रेमकथेला नाही. कल्पनेचे स्वातंत्र्य लेखकाला हवेच. आक्षेप आहे तो एक भला तुर्क दाखवला की हिशेब फिटला, या सोयीला. अशा कथांत मुसलमान भला असो की जुलमी, तो गणवेशातच लागतो. त्याच मातीत पिढ्यान्‌पिढ्या राहिलेला शेतकरी, दुकानदार मुसलमान त्यांना परवडत नाही. तो दाखवला तर पुढे त्याचे काय झाले, हेही दाखवावे लागेल!

काय झाले ते गुपित नाही. ऑक्टोबर १८२१मध्ये बंडखोरांनी मोरिया प्रांताची राजधानी त्रिपोलित्सा जिंकली आणि तिथल्या हजारो मुसलमानांची व ज्यूंची बायकामुलांसकट कत्तल केली. सेनापती कोलोकोत्रोनिस याने आपल्या आठवणींत ती झाकलेली नाही. सेनापती बोलू शकतो, मग दोनशे वर्षांनंतर पटकथाकाराने कचरावे का? १८२२मध्ये उस्मानी फौजांनी खिओस बेटावर ग्रीकांची याहून मोठी कत्तल केली. दलाक्रवाने १८२४मध्ये तिचे चित्र रंगवले, ते पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. रंगवले ते योग्यच. त्रिपोलित्साला दलाक्रवा मिळाला नाही, एवढेच.

आणि आपण? एर्तुग्रुलची तुर्की मालिका आपल्या कितीतरी घरांत उर्दूतून भक्तिभावाने पाहिली गेली. तिच्यातला भला ख्रिस्ती कोण? क्लॉडियस, जो पुढे इस्लाम कबूल करून उमर होतो. म्हणजे साचा तोच, फक्त उलटा. तेव्हा आपल्यापैकी कोणाला आक्षेप सुचला होता?

या देशांच्या जन्माची खरी पटकथा १९२३च्या लोझान कराराची आहे. ग्रीस आणि तुर्कस्तान यांनी माणसांची अदलाबदल केली. सुमारे बारा लाख ख्रिस्ती इकडे, साडेतीन लाखांवर मुसलमान तिकडे. निकष एकच, मजहब. अनातोलियातले करामानली ख्रिस्ती तुर्की बोलत, ती ग्रीक लिपीत लिहीत. त्यांना ग्रीक ठरवून ग्रीसला धाडले. क्रीट बेटावरच्या मुसलमानांची जबान ग्रीक. त्यांना तुर्क ठरवून तुर्कस्तानला. उर्दू शाळेत शिकवून मराठीत लिहिणाऱ्या माझ्यासारख्याला हा तपशील सोडत नाही. यात नायक कोण आणि खलनायक कोण, हे पटकथाकाराने एकदा ठरवून दाखवावे. आयवालिकला नेऊन वसवलेल्या त्या क्रीटच्या मुसलमानांच्या घरांत ग्रीक बोली त्यानंतरही कित्येक वर्षे चालू होती.