चोर कोण होणार, आणि पडणार कोण?

‘धूम’ या चित्रपटमालिकेचा चौथा भाग निघाला तर त्यात चोर कोण होणार, हा प्रश्न 2013 साली तिसरा भाग प्रदर्शित झाल्यापासून आपल्या तरुणांचा पिच्छा सोडीत नाही. कधी सलमान खान, कधी शाहरुख खान, कधी रणबीर कपूर अशी नावे वर्तमानपत्रांच्या रंगीत पुरवण्यांतून येतात आणि विरून जातात. दीपनगरच्या वसाहतीत आणि भुसावळच्या चहाच्या टपऱ्यांवर त्यांवरून हिरिरीने वाद झडतात. आपले काही कार्यकर्ते या वादांकडे तुच्छतेने पाहतात. महागाई आणि बेकारी सोडून पोरे हे काय घेऊन बसली, असे म्हणतात. ही तुच्छता योग्य नव्हे. ज्या विषयावर इतके तरुण आपण होऊन बोलतात, त्यात त्यांची जगाविषयीची काही एक समजूत दडलेली असते. ती जाणून घेणे आणि तिच्यापुढे पुढचा प्रश्न ठेवणे, हे आपले काम आहे.

या मालिकेची रचनाच मोठी लक्षणीय आहे. 2004 साली जॉन अब्राहम, 2006 साली हृतिक रोशन, 2013 साली आमिर खान. चोर दर वेळी नवा. पोलीस मात्र तेच, अभिषेक बच्चन आणि उदय चोप्रा. कायद्याचे रक्षक घरचे आणि चोर पाहुणा, व मानाचे पान पाहुण्याला! तिसऱ्या भागात तर शिकागोतील एक बँक कर्जापायी एका सर्कसवाल्याची सर्कस बंद पाडते, तो आत्महत्या करतो आणि त्याची मुले मोठी होऊन त्याच बँकेला लुटतात. कर्जबाजारी शेतकऱ्यांच्या आत्महत्या जवळून पाहिलेल्या खानदेशातील प्रेक्षकाची सहानुभूती कोणाकडे गेली असेल, हे सांगायला नको. पण पडद्यावर या अन्यायाचे निवारण एकटा, अलौकिक कौशल्याचा पुरुष करतो. संघटना नाही, लढा नाही, शेजारीपाजारीही नाहीत. मग प्रेक्षकाजवळ विचारण्यासारखा एकच प्रश्न उरतो, तो म्हणजे ‘हा पुरुष कोण?’

या प्रश्नाला बाजारात किंमत आहे. सुपीक जमीन मोजकीच असल्यामुळे तिच्या मालकाला खंड मिळतो, असे रिकार्डोने दाखविले होते. नामवंत नटाचे नाव ही अशीच मोजकी जमीन आहे. त्या नावाभोवती जितकी अटकळ अधिक, तितका त्याचा खंड अधिक. कापसाचे बोंड फुटण्याआधी त्याचे वायदे करणारे व्यापारी जळगाव-धुळ्याच्या शेतकऱ्याला अपरिचित नाहीत. येथे तर कथा लिहून होण्याआधीच नटाच्या नावाचा सट्टा सुरू होतो आणि त्यात आपले तरुण बिनपगारी जाहिरातदार म्हणून राबतात. नटाचे कौशल्य खोटे आहे, असा याचा अर्थ नव्हे. अभिनय हेही श्रमच आहेत. प्रश्न आहे तो त्या नावाखाली झाकल्या जाणाऱ्या इतर श्रमांचा.

मोटारसायकल पुलावरून उडते तेव्हा तिच्यावर बहुधा नट नसतो. ज्याला आपण सहज ‘डुप्लिकेट’ म्हणतो, तो फायटर असतो. हाड मोडते ते त्याचे. जुलै 1982 मध्ये ‘कुली’च्या चित्रीकरणात बंगळुरूला अमिताभ बच्चन यांना जीवघेणी दुखापत झाली, तेव्हा सारा देश प्रार्थनेला बसला. चित्रपटातही त्या क्षणी दृश्य गोठवून, इजा येथे झाली, असे प्रेक्षकांना सांगितले गेले. त्या प्रार्थनेत खोटे काही नव्हते. परंतु 13 जुलै 2025 रोजी तामिळनाडूत नागपट्टिनम जिल्ह्यात मोटार उलटविण्याचे दृश्य करताना एस. एम. राजू हे स्टंट कलाकार मृत्यू पावले, तेव्हा दोन दिवसांच्या बातम्यांपलीकडे काय झाले? तो चित्रपट पा. रणजित यांचा होता. दलितांची बाजू निर्भयपणे मांडणारा हा दिग्दर्शक आहे. म्हणजे प्रश्न एखाद्याच्या सद्‌हेतूचा नसून व्यवस्थेचा आहे.

यावर काही जण म्हणतील की, धोका ठाऊक असूनच ही माणसे काम पत्करतात आणि धोक्याचा मोबदलाही घेतात. काम जितके अप्रिय तितकी मजुरी अधिक, हा ॲडम स्मिथचा जुना युक्तिवाद. त्याला उत्तर जॉन स्टुअर्ट मिलने देऊन ठेवले आहे. व्यवहारात सर्वांत कष्टाच्या कामाला बहुधा सर्वांत कमी मजुरी मिळते, कारण ते करणाऱ्यापुढे दुसरा पर्याय नसतो. दीपनगरच्या वाचकाला यासाठी मिल वाचण्याची गरज नाही. कायम कामगार आणि कंत्राटी कामगार एकाच राखेत व एकाच उष्णतेत काम करतात, पण त्यांचे जीवन एक नसते, हे औष्णिक वीजकेंद्राच्या सावलीत राहणाऱ्याला पुरते ठाऊक आहे. फायटर हा चित्रपटसृष्टीतला कंत्राटी कामगारच आहे.

राजू यांच्या मृत्यूनंतर, अक्षयकुमार यांनी सुमारे 650 स्टंट कलाकारांच्या विम्याची सोय केल्याचे वृत्त आले. त्या औदार्याचा आदर करू या. परंतु जे एका नटाच्या मर्जीवर उभे आहे ते दान होय, हक्क नव्हे. सिने-कामगारांशी लेखी करार केलाच पाहिजे, असा कायदा संसदेने 1981 साली केला होता. 21 नोव्हेंबर 2025 पासून नव्या श्रमसंहिता लागू झाल्या आणि तो कायदा त्यांत विलीन झाला. स्टंट कलाकारांनाही पूर्ण लाभ मिळतील, असे सरकारने त्या वेळी जाहीर केले. या संहितांना कामगार संघटनांचा विरोध आहे, आणि तो रास्त आहे. तरीही दिलेल्या शब्दाचा हिशेब मागितलाच पाहिजे. चित्रीकरणापूर्वी करार हातात पडतो काय? अपघातानंतर कुटुंबाला भरपाई कोण देतो, निर्माता की कंत्राटदार?

नायकाची निवड निराळ्या रीतीने होऊ शकते, हे पाहायला आपल्याला फार दूर जावे लागत नाही. धुळ्याहून महामार्गाने तास-दीड तासावर असलेल्या मालेगावात शेख नासिर यांनी आपला ‘सुपरमॅन’ यंत्रमागावर शोधला. शफीक हा काडीसारखा कृश कामगार त्यांचा नायक झाला. 2008 चा माहितीपट आणि 2025 साली प्रदर्शित झालेला ‘सुपरबॉईज ऑफ मालेगाव’ यांमुळे ही हकीकत जगाला कळली. तिचे फाजील कौतुक नको. शफीक पुढे कर्करोगाने गेला, आणि यंत्रमागाची धूळ व मजुरी होती तशीच राहिली. तरी एक गोष्ट त्या गावाने सिद्ध केली. नायकाच्या जागी आपल्यातला माणूस उभा राहतो, तेव्हा प्रेक्षक त्याच्या श्रमांकडेही पाहू लागतो.

तेव्हा ‘धूम’च्या चोराची चर्चा चालू असेल तेथे कार्यकर्त्यांनी नाक मुरडून निघून जाऊ नये. बसावे, चहा घ्यावा, आपलेही एक नाव खुशाल सुचवावे. आणि मग विचारावे, ‘त्याच्या जागी पडणार कोण? त्याचा करार झाला आहे काय?’ ज्याच्या खिशात कंत्राटदाराने दिलेला गेटपास आहे, त्या तरुणाला या प्रश्नाचा अर्थ समजावून सांगावा लागणार नाही.