चाक बसले, पण जुळले का?

शनिवारी संध्याकाळी विग्रम स्ट्रीटवर जेवणासाठी टेबलाची वाट पाहत उभ्या असलेल्या माणसाची करमणूक एकच. समोरून संथपणे सरकणाऱ्या मोटारी पाहणे! त्यांतल्या पुष्कळशा आपल्याच मुलांच्या असतात. गाडी दहा-बारा वर्षांची, छताचा रंग उन्हाने उडालेला, पण चाकांतल्या रिम मात्र काळ्याभोर किंवा आरशासारख्या चकचकीत. या हौसेची टिंगल करण्याचा आमचा मुळीच विचार नाही. परक्या मुलखात स्वतःच्या कमाईतून घेतलेली पहिली गाडी एखाद्या तरुणाने नटवली, तर त्यात गैर ते काय? आमच्या पिढीनेही सायकलच्या आऱ्यांत रंगीत मणी ओवलेच होते. प्रश्न हौसेचा नाही, मापाचा आहे.

ओळखीतल्या एका मुलाची हकीकत सांगतो. त्याच्याकडे वापरलेली टोयोटा कॅमरी होती. एका माझदा गाडीवरून उतरवलेल्या चार देखण्या रिम त्याला स्वस्तात मिळाल्या. विकणाऱ्याने सांगितले, "पाच स्टड, अंतरही तेच. बसेल." आणि ती खरोखरच बसली. गावातल्या रस्त्यांवर काही जाणवले नाही. एम-४ वर गाडी वेगात येताच स्टिअरिंग थरथरू लागले. मुलाने दोनदा चाकांचे बॅलन्सिंग करून घेतले, पैसे गेले, थरथर राहिली. अखेर आपल्यातल्याच एका जुन्या मेकॅनिकने चाक उतरवले आणि हब व रिमचे मधले भोक यांमधली फट बोटाने दाखवली. एक नटही सैल झालेला सापडला. तो आधी सापडला म्हणून आज हे अग्रलेखात लिहिता येते आहे.

यात चूक कोणती? कॅमरी आणि माझदा ३ या दोन्ही गाड्यांचे स्टड पाच, आणि ते ज्या वर्तुळावर बसतात त्याचा व्यास ११४.३ मिलिमीटर, म्हणजे बरोबर साडेचार इंच. इथवर विकणारा खरे बोलला. पण माझदाच्या रिमचे मधले भोक ६७.१ मिलिमीटरचे, तर कॅमरीचा हब ६०.१ चा. सात मिलिमीटरची पोकळी राहिली. जे चाक हबवर टेकून मध्यावर यायचे, ते केवळ नटांच्या भरवशावर लोंबत राहिले. योग्य मापाची कडी त्या पोकळीत बसवली असती तर काम भागले असते, आणि ती फार महाग मिळत नाही. उलट कॅमरीची रिम माझदावर चढवू गेले तर ती चढणारच नाही. न बसणारी रिम निदान प्रामाणिक असते. बसून फसवणारी रिम धोक्याची.

म्हणून रिम घेताना नुसते स्टड मोजून भागत नाही. पाहायच्या गोष्टी मोजक्याच आहेत, पण त्यांतली एकही वगळण्याजोगी नाही.

पहिली गोष्ट स्टडची संख्या आणि त्यांच्या वर्तुळाचा व्यास. अनेक जर्मन गाड्यांचा हा व्यास ११२ असतो आणि अनेक जपानी व कोरियन गाड्यांचा ११४.३. फरक अवघा २.३ मिलिमीटर. डोळ्यांना तो दिसत नाही, आणि जोर लावला तर नट चढतोही. पण तो तिरका बसतो, स्टडवर कायमचा ताण येतो आणि तो ताण शेकडो किलोमीटरनंतर आपला हिशेब चुकता करतो. दुसरी गोष्ट मधल्या भोकाची; तिची कथा वर आलीच.

तिसरी गोष्ट ऑफसेट, आणि सर्वांत जास्त फसगत येथेच होते. रिमच्या रुंदीचा मध्य आणि ती हबला टेकते तो पृष्ठभाग, यांमधले अंतर म्हणजे ऑफसेट. रिमच्या मागल्या बाजूस 'ईटी ४५' असे काहीतरी कोरलेले असते, ते हेच. समजा, मूळ रिम सात इंच रुंद आणि ऑफसेट ४५ आहे. तिच्या जागी आठ इंच रुंद आणि ऑफसेट ३० ची रिम घातली, तर चाकाची बाहेरची कड जवळजवळ २८ मिलिमीटर बाहेर येते. गाडी रुबाबदार दिसते खरी, पण बेअरिंगवरचा भार सरकतो, खड्ड्यात स्टिअरिंग हातातून ओढले जाते, आणि मागे तीन माणसे बसली की टायर मडगार्डला घासू लागतो.

चौथी गोष्ट टायरसह चाकाची एकूण उंची. कारखानदार येथे किती काटेकोर असतो ते कॅमरीवरूनच पाहावे. २१५/६० आर १६ या टायरची उंची सुमारे ६६४ मिलिमीटर, २१५/५५ आर १७ ची ६६८, आणि २३५/४५ आर १८ ची ६६९. रिम मोठी होत गेली तसा टायर बुटका होत गेला आणि उंची जवळपास तीच राहिली. हे गणित न करता कोणी १८ इंची रिमवर २१५/६० चाच टायर चढवला, तर उंची ७१५ वर जाईल. मग काटा १०० दाखवील तेव्हा गाडी प्रत्यक्षात १०७ च्या पुढे धावत असेल. वेगाचा कॅमेरा आपला काटा पाहत नाही.

पाचवी गोष्ट भाराची. टायरवर मापानंतर येणारा आकडा शोभेचा नसतो. ९१ म्हणजे त्या टायरची झेप ६१५ किलोची, ९५ म्हणजे ६९० ची. चार चाकांचा फरक ३०० किलो होतो. आजी-आजोबांना विमानतळावरून घरी आणताना माणसे आणि बॅगा यांचे वजन कोणी करीत नाही. ते टायर आणि रिम मुकाट्याने करतात. रिमलाही स्वतःची भारमर्यादा असते, आणि चांगल्या रिमवर ती कोरलेली असते.

सहावी गोष्ट नटांची. होंडाच्या मूळ रिममध्ये नटाची बैठक गोलाकार असते, तर बाजारातल्या बहुतेक रिममध्ये ती शंकूसारखी. जुने नट नव्या रिमला लावले तर ते आवळल्यासारखे वाटतात, पण टेकतात जेमतेम एका रेषेवर. शिवाय नट ठरलेल्या जोरानेच, टॉर्क रेंचने आवळावेत आणि पन्नास-शंभर किलोमीटर चालवून पुन्हा तपासावेत.

आता कायद्याकडे वळू. व्ही.एस.बी. १४ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय संहितेने प्रवासी मोटारींसाठी सीमा आखून दिल्या आहेत. डाव्या-उजव्या चाकांमधले अंतर कारखान्याने ठरवलेल्या कमाल मापापेक्षा २५ मिलिमीटरहून अधिक वाढता कामा नये, म्हणजे दर चाकामागे जेमतेम साडेबारा. वर दिलेल्या उदाहरणातला ऑफसेट ४५ वरून ३० वर आला की हे अंतर ३० ने वाढते. मर्यादा तेथेच ओलांडली. टायरची उंची कारखान्याने मान्य केलेल्या मापापेक्षा १५ मिलिमीटरहून मोठी किंवा २६ हून लहान नसावी. टायरची रुंदी मूळच्या सर्वांत रुंद टायरच्या १.३ पटीपलीकडे जाऊ नये. चाक सरळ असताना ते मडगार्डच्या आत राहिले पाहिजे. आणि हब व रिम यांच्यामध्ये घालायची चकती, जिला स्पेसर म्हणतात, ती गाडीबरोबर कारखान्यातूनच आलेली नसेल तर चालत नाही. भोकातली पोकळी भरणारी कडी वेगळी आणि चाक बाहेर ढकलणारा स्पेसर वेगळा. विकणारे कधी कधी दोन्हींना एकच नाव देतात, तेव्हा सावध राहावे. सीमेपलीकडे जायचेच असेल तर परवानाधारक अभियंत्याचे प्रमाणपत्र हाच राजमार्ग आहे.

"पिंक स्लिपच्या वेळी पाहू," असे म्हणणारे भेटतात. न्यू साउथ वेल्समध्ये ही तपासणी साधारणपणे पाच वर्षांहून जुन्या गाडीला दरवर्षी लागते. पण चाक निखळायला वर्षभर थांबत नाही. शिवाय अपघात झाला आणि गाडीत न कळवलेला, नियमबाह्य बदल आढळला, तर विमा कंपनी भरपाई नाकारू शकते. ग्रीन स्लिप माणसांच्या दुखापतीपुरती असते, समोरच्याची मोडलेली गाडी ती भरून देत नाही. दोनशे डॉलर वाचवण्याच्या नादात एखादा विद्यार्थी कर्जात बुडावा, याहून वाईट सौदा कोणता?

गावाकडे बैलगाडीच्या चाकाला लोखंडी धाव चढवणारा लोहार पाहिलेले वाचक आपल्यात अजून असतील. तो आधी लाकडी चाकाचा घेर मोजी. धाव त्याहून किंचित लहान ठेवी, आगीत लाल करी, फुगलेली धाव चाकावर बसवी आणि वरून पाणी ओती. लोखंड आवळे आणि लाकूड घट्ट धरी. माप मोठे झाले तर धाव सुटे, फार लहान झाले तर लाकूड तडके. त्या लोहाराजवळ छापील कोष्टक नव्हते, पण मोजल्यावाचून त्याने कधी भट्टी पेटवली नाही. आपल्याजवळ तर कोष्टक आहे, आणि तेही गाडीवरच चिकटवलेले! बहुधा चालकाच्या दाराच्या चौकटीवर टायरची मान्य मापे आणि हवेचा दाब लिहिलेली पट्टी असते. रुंदी आणि ऑफसेट मूळ रिमच्या पाठीवर सापडतात.

म्हणून आमची सूचना साधी आहे. रिम विकत घेण्यापूर्वी त्या पट्टीचा आणि मूळ रिमच्या पाठीचा फोटो काढून खिशात ठेवावा. वर्तुळाचा व्यास, मधले भोक, ऑफसेट, रुंदी आणि भार हे पाच आकडे विकणाऱ्याकडून पावतीवर लिहून घ्यावेत. जो लिहून देणार नाही त्याच्याकडून घेऊ नये. रिम चढवल्यावर स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण वळवून, गाडीत माणसे बसवून, चाक कोठे घासत नाही ना आणि ब्रेकच्या कॅलिपरला मोकळीक आहे ना, हे डोळ्यांनी पाहावे. ज्यांनी भारतात किंवा येथे वर्कशॉपात हात काळे केले आहेत, अशा आपल्यातल्या जाणत्या मंडळींनी नव्याने आलेल्या मुलांना एखाद्या रविवारी अर्धा तास द्यावा. उपदेशापेक्षा उतरवलेले एक चाक अधिक शिकवते.

आणि त्या मुलांनीही विचारायला लाजू नये. कॅमरीवाल्या मुलाने विचारायला दोन महिने लावले, कारण "एवढेही कळत नाही का?" असे कोणी म्हणेल याची त्याला भीती वाटत होती. आज त्याच्या गाडीला त्याच रिम आहेत, योग्य कडी आणि योग्य नटांसह. गाडी तशीच देखणी दिसते. फरक इतकाच की ती आता थरथरत नाही, आणि तो घरी पोहोचेपर्यंत त्याच्या आईला भारतात काळजी करीत बसावे लागत नाही.