सरहद्दीवरचा शेतकरी

राष्ट्र राजधानीत घडते आणि तेथून शाळा, सैन्य व सडका यांच्या द्वारे खेड्यापाड्यांत पोचते, हा समज फ्रान्सच्या बाबतीत इतका दृढ आहे, की यूजेन वेबर यांच्यासारख्या थोर इतिहासकारानेही शेतकऱ्याचे ‘फ्रेंच’ होणे हे 1870 नंतरच्या चार दशकांचे कार्य ठरविले. या समजाला पीटर साहलिन्स यांनी ‘बाउंडरीज’ या 1989 सालच्या ग्रंथात जो मूलगामी छेद दिला, त्याचा परामर्श घेऊनच यंदाचा दिवाळी अंक वाचकांच्या हाती द्यावा, असे आम्हांस मनापासून वाटले.

1659 च्या पिरेनीजच्या तहानंतर सेर्दान्या या कॅटलान भाषिक खोऱ्याची वाटणी होऊन 33 गावे फ्रान्सकडे गेली. यीविया मात्र गाव नसून कसबा आहे, या आधारावर स्पेनकडे राहिला, आणि चहूबाजूंनी फ्रेंच मुलखाने वेढलेला तो आजही स्पेनचाच आहे. हद्दीची नेमकी आखणी होण्यास 1866 ते 1868 चे बायोनचे तह उजाडावे लागले. मधल्या दोन शतकांत, भाषा एक, सोयरीक एक आणि जमिनी दोन्ही मुलखांत पसरलेल्या असतानाही, कुरणाचा किंवा पाटाच्या पाण्याचा पिढीजाद कज्जा जिंकण्यासाठी शेतकरी सरकारदरबारी अर्ज करताना स्वतःला फ्रेंच आणि शेजारच्या गावाला परके स्पॅनिश म्हणू लागला, हे साहलिन्स यांनी दफ्तरांतून दाखवून दिले. राजसत्ता खोऱ्यात आली ती केवळ वरून लादली म्हणून नव्हे. गावांनीही तिला आपल्या भांडणात ओढून आणले. गावकऱ्याला आपल्या राष्ट्रीयत्वाचा सहकर्ता मानणारा हा विचार आम्हांला त्यांच्या संशोधनाचा गाभा वाटतो, आणि त्याची थोरवी अशी, की तो सिद्ध करताना त्यांनी त्या गावकऱ्याचा स्वार्थ झाकला नाही.

1827 च्या वनसंहितेविरुद्ध स्त्रीवेष धारण करून उठलेल्या आरिएजच्या शेतकऱ्यांवरही त्यांनी ग्रंथ लिहिला. त्याहून व्यापक आहे तो परकीयांच्या फ्रेंच होण्याचा अभ्यास. फ्रान्समध्ये मरण पावलेल्या परकीयाची मालमत्ता, देशी वारस नसल्यास, राजाच्या खजिन्यात जमा होई. ही जप्ती टळून आपला वारसा मुलाबाळांना मिळावा, यासाठी व्यापारी, कारागीर, धर्मगुरू राजाकडून नागरिकत्वाच्या सनदा मिळवीत. फ्रेंच कोण, या प्रश्नाचा निवाडा तेथे भाषेवर वा रक्तावर नव्हे, तर मृत्युपत्रावर होत असे. राज्यक्रांतीने 1790 मध्ये हा राजहक्क रद्द केला, नेपोलियनच्या संहितेने तो काही अंशी परत आणला, आणि अखेर 1819 मध्ये तो कायमचा संपुष्टात आला.