एका सिनेमाचा माणूस?

परवा रात्री पुन्हा एकदा 'गुड बाय, लेनिन!' पाहिला. कितव्यांदा ते विचारू नका, घरचे हसतात.

त्याचा दिग्दर्शक वोल्फगांग बेकर डिसेंबर २०२४ मध्ये बर्लिनला गेला. सत्तर वर्षांचा होता. तेव्हा जे काही वाचलं त्यात एक सूर हमखास होता: एकच मोठा सिनेमा केला, पुढे काही जमलं नाही. मला हे अजिबात पटत नाही.

हिशोब मांडायचा तर खरंच छोटा आहे. १९९२ चा 'किंडरश्पीले', १९९७ चा 'दास लेबन इस्ट आइने बाउश्टेले' (आयुष्य म्हणजे बांधकाम चालू असलेली जागा... काय नाव आहे!), २००३ चा 'लेनिन', मग तब्बल बारा वर्षांनी 'इष उंड कामिन्स्की'. १९९४ मध्ये टॉम टिक्वर, डॅनी लेवी आणि श्टेफान आर्न्ट यांच्याबरोबर त्याने 'एक्स फिल्मं' ही निर्मितीसंस्था काढली. त्यातला टिक्वर 'रन लोला रन' करून भराभर पुढे गेला. बेकर मात्र पटकथा लिहीत, खोडत, परत लिहीत बसला. 'लेनिन' जर्मनीत साठ लाखांहून जास्त लोकांनी थिएटरात जाऊन पाहिला. एवढ्या यशानंतर दुसरा कुणी पुढच्याच वर्षी काहीतरी उरकून मोकळा झाला असता.

तर 'लेनिन'बद्दल. (पाहिला नसेल तर पुढचे दोन परिच्छेद सोडा, नंतर मला शिव्या देऊ नका.) पूर्व बर्लिनमधली एक आई १९८९ च्या ऑक्टोबरात कोमात जाते, आठ महिन्यांनी शुद्धीवर येते. मधल्या काळात भिंत पडलेली. धक्का बसला तर ती वाचणार नाही, असं डॉक्टर सांगतात. म्हणून मुलगा तिच्या खोलीत जुना देश जिवंत ठेवतो. श्प्रेवाल्डच्या काकड्यांच्या जुन्या बरण्या कचऱ्यातून शोधून आणतो, मित्राला हाताशी धरून टीव्हीच्या खोट्या बातम्या तयार करतो. लोक याला पूर्व जर्मनीच्या आठवणींचा उमाळा म्हणतात. मला तो खोटं बोलण्याबद्दलचा सिनेमा वाटतो. कारण आईनेही मुलांशी वर्षानुवर्षं खोटंच बोललेलं असतं. पळून गेलेल्या बापाची पत्रं तिने स्वयंपाकघरातल्या कपाटामागे दडवलेली असतात.

आमच्या घरी मोठा मामा गेला ते आजीला चार महिने सांगितलं नव्हतं. मामा 'टूरवर' होता. आजी रोज संध्याकाळी विचारायची, आम्ही आळीपाळीने उत्तरं द्यायचो. एके दिवशी तिने विचारणंच बंद केलं. मावशी, तू हे वाचत असशील तर तुला तो दिवस आठवत असेल. त्यामुळे हा सिनेमा मला कधी नुसता विनोदी वाटलाच नाही. शेवटची खोटी बातमी चालू असते तेव्हा आईला सगळं कळून चुकलेलं असतं, आणि ती टीव्हीकडे नाही, मुलाकडे बघत असते.

असो. मुद्दा असा की बेकर त्यानंतरही याच वाटेवर होता. 'कामिन्स्की' डॅनिएल केलमानच्या कादंबरीवरचा. आंधळा म्हणून प्रसिद्ध झालेला म्हातारा चित्रकार, आणि त्याच्यावर पुस्तक लिहून नाव कमवू पाहणारा लबाड पत्रकार. पत्रकार झालाय 'लेनिन'मधला तोच डॅनिएल ब्र्यूल. सिनेमा थोडा रेंगाळतो, कबूल. पण कोण कुणाला फसवतंय हे शेवटपर्यंत नीट कळत नाही, आणि ते मुद्दाम आहे.

शेवटचा सिनेमा त्याने आजारपणात चित्रित केला. उरलेलं काम सहकाऱ्यांनी पूर्ण केलं आणि २०२५ मध्ये तो प्रदर्शित झाला: माक्सिम लेओच्या कादंबरीवरचा 'फ्रीडरिषश्ट्रासं स्टेशनचा हीरो'. बर्लिनमधल्या एका कर्जबाजारी व्हिडिओ दुकानदाराला एक पत्रकार गाठतो, आणि पूर्व जर्मनीतून माणसं भरलेली लोकल पश्चिमेला सोडणारा हीरो म्हणून तो अचानक गाजतो. तो नाही म्हणायला जातो, मग म्हणत नाही.

मी अजून तो पाहिलेला नाही. कुणाकडे मिळाला तर कळवा, आपण एकत्र बसून पाहू. मावशीलाही बोलवू.